पडद्यावरची आजी आणि खळ्यातली आजी : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

मालवण तालुक्यातल्या आमच्या गावच्या वाचनालयात महिन्यातून एकदा दुपारी तीन वाजता आम्ही सिनेमा दाखवतो. वेळ दुपारची, कारण संध्याकाळी गोठा आणि दिवाबत्ती असते. येणाऱ्यांत निम्म्याहून जास्त बायका साठीच्या पुढच्या. सिनेमा संपला की चहा होतो आणि चहाबरोबर प्रश्न निघतात. तेच प्रश्न कॉलेजातली मुलं विचारतात, सुट्टीला आलेले चाकरमानी विचारतात, कॅमेरा घेऊन गावात फिरणारी पोरंही विचारतात. म्हणून उत्तरं एकदाची लिहून ठेवते आहे. मी इथली ग्रंथपाल. मतं माझी आहेत आणि ती अनेक दुपारी या बायकांच्या शेजारी बसून तयार झाली आहेत.

सिनेमाच्या हिशेबात बाई म्हातारी कधी होते?

नायकाच्या कितीतरी आधी. ‘मदर इंडिया’त (१९५७) नर्गिस सुनील दत्तची आई झाली. दोघांचा जन्म १९२९ च्या जूनमधला, नर्गिस अवघ्या पाच दिवसांनी मोठी. ‘जॉनी मेरा नाम’मध्ये (१९७०) सुलोचनादीदी देव आनंदच्या आई, त्यांचा जन्म १९२८ चा, देव आनंदचा १९२३ चा. ‘अग्निपथ’मध्ये (१९९०) अमिताभची आई झालेल्या रोहिणी हट्टंगडी वयाने त्याच्याहून बऱ्याच लहान. हे सगळं जुनं म्हणावं तर २००५ च्या ‘वक्त’मध्ये शेफाली शाह अक्षय कुमारची आई आहे, आणि तीही त्याच्यापेक्षा लहानच.

यात दुहेरी नुकसान होतं. पस्तिशीतल्या बाईची नायिकेची वाट बंद होते आणि साठीच्या बाईला साठीची भूमिका मिळत नाही, कारण ती पस्तिशीवाली केसांना पांढरा रंग लावून करते. पडद्यावर दिसतं ते म्हातारपण मग नकलेचं असतं : वाकलेली कंबर, थरथरता आवाज. आमच्याकडच्या सत्तरीच्या बाईने हाक मारली तर ती दोन गडगे (दगडी कुंपणं) ओलांडून ऐकू जाते.

म्हणजे पूर्वी वयस्क बायकांना चांगल्या भूमिका नव्हत्याच?

होत्या, आणि त्या विसरू नयेत. आपल्या पडद्यावर आलेल्या पहिल्या बायका मायलेकी होत्या. दादासाहेब फाळक्यांच्या ‘मोहिनी भस्मासुर’मध्ये (१९१३) दुर्गाबाई कामत पार्वती होत्या आणि त्यांची मुलगी कमलाबाई मोहिनी. त्याआधीच्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती रंगवली होती अण्णा साळुंके या पुरुषाने.

दुर्गा खोटे १९३२ च्या ‘अयोध्येचा राजा’त तारामती होत्या, १९६० च्या ‘मुघल-ए-आझम’मध्ये जोधाबाई झाल्या, आणि ‘बिदाई’साठी (१९७४) त्यांना फिल्मफेअर मिळालं तेव्हा सत्तरीला टेकल्या होत्या. १९८३ चा दादासाहेब फाळके पुरस्कार त्यांना मिळाला. उतारवयात त्या आपल्याच किनाऱ्यावर, अलिबागला येऊन राहिल्या आणि तिथे आत्मचरित्र लिहिलं.

ललिताबाई पवारांची गोष्ट मला फार लागते. १९४२ साली एका चित्रीकरणात सहकलाकाराची थप्पड जोरात बसली, चेहऱ्याला पक्षाघात झाला, डावा डोळा अधू झाला. नायिका म्हणून त्यांची वाट बंद झाली तेव्हा त्या फक्त २६ वर्षांच्या होत्या. पुढे सासू म्हटलं की लोकांना त्यांचाच चेहरा आठवायचा. पण ‘अनाडी’तली (१९५९) त्यांची मिसेस डीसा बघा. घर भाड्याने देते, तोंडाने फटकळ, पोटात माया. तिला घर आहे, हिशेब आहे, मत आहे. आमच्या बायकांना ती लगेच ओळखीची वाटली.

अशी माणसं मात्र थोडी. बाकी साचे दोनच : सोशीक आई आणि खाष्ट सासू.

कोकणातली म्हातारी सिनेमात कशी दिसते?

दारात उभी. चवथीला, म्हणजे गणपतीला, मुलगा मुंबईहून येणार म्हणून दारात उभी, आणि तो परत निघाला म्हणून पुन्हा दारात उभी. मागे माड, कौलारू घर, तुळस. एकदा असा एक सिनेमा लावला होता. पाऊण तास झाल्यावर पहिल्या रांगेतल्या एका काकींनी मोठ्याने विचारलं, “त्या बायेक काय काम नाय? सगळो वेळ दारात उभी?”

हाच खरा प्रश्न आहे. दोन चवथींच्या मधले साडेअकरा महिने ही बाई काय करते, हे कॅमेऱ्याला दिसत नाही. ते महिने असे असतात. फेब्रुवारी-मार्चात ओले काजूगर. कोवळी बी चिरून गर काढताना चीक बोटांना लागतो, कातडी काळी पडते, मग सोलवटते. मे महिन्यात रातांबे, म्हणजे कोकमाची फळं. ते फोडायचे, बिया वेगळ्या करायच्या, सालं त्याच रसात पुन्हा पुन्हा बुडवून उन्हात घालायची, आणि वळीव कधी कोसळेल याचा अंदाज घेत रोज आत-बाहेर करायची. जूनमध्ये तरवा, म्हणजे भाताची रोपं, मग लावणी. त्यात मांगराची (शेतघराची) कौलं परतायची, गडग्यावरून लागलेला वाद मिटवायचा. सामायिक सातबाऱ्यावरच्या पंचवीस नावांपैकी कोण मुंबईत कुठे राहतो आणि कोण कोणाशी बोलत नाही, हे तिला तोंडपाठ असतं. घराण्याचं अख्खं दफ्तर तिच्या डोक्यात आहे.

हे अपवादाचं चित्र नाही. पुरुष कामासाठी मुंबईला जाण्याची रीत इथे पिढ्यान्‌पिढ्यांची. २०११ च्या जनगणनेत रत्नागिरी जिल्ह्यात दर हजार पुरुषांमागे अकराशेहून जास्त बायका होत्या, सिंधुदुर्गातही हजाराच्या वर. अनेक वाड्यांवर वर्षभर घर चालवणारं माणूस म्हणजे एक वयस्क बाईच असते.

किनाऱ्यावर तर फरक आणखी डोळ्यांत भरतो. सिनेमातली कोळीण तरुण असते, डोक्यावर टोपली घेऊन नाचते. हर्णै बंदरावर संध्याकाळी मासळीचा लिलाव लागतो तेव्हा जाऊन उभे राहा. भाव पाडायचा की वाढवायचा हे ज्यांच्या भुवईवर ठरतं, त्या बायकांनी पन्नाशी केव्हाच ओलांडलेली असते.

‘श्यामची आई’चा यात काय वाटा?

मोठा. साने गुरुजी दापोली तालुक्यातल्या पालगडचे. आचार्य अत्र्यांच्या १९५३ च्या चित्रपटाला पहिल्याच राष्ट्रीय पुरस्कारांत राष्ट्रपतींचं सुवर्णपदक मिळालं, वनमालाबाईंनी आई केली, आणि कोकणातली आई म्हणजे गरीब, सोशीक, संस्कार करणारी हे चित्र महाराष्ट्राच्या मनात पक्कं बसलं. ते चित्र खोटं नव्हतं. मला राग त्याचा आहे की पुढच्यांनी तिची करारी बाजू वगळून फक्त सोसणं उचललं. ती आई पोराला धाकात ठेवणारी होती, लाचारीपेक्षा उपास बरा मानणारी होती. नंतरच्या पडद्यावरच्या आया नुसत्याच डोळे पुसत राहिल्या.

मालिकांनी म्हाताऱ्या बाईचं भलं केलं की वाटोळं?

दोन्ही. मालिकांनी तिला रोजचं काम दिलं, ही गोष्ट मी कधीच हलकी मानत नाही. ‘चार दिवस सासूचे’ २००१ ला सुरू झाली आणि तीन हजारांहून जास्त भाग चालली. इतकी वर्षं एक मोठ्या वयाची अभिनेत्री घराघरात मध्यभागी होती. उषा नाडकर्णींची ‘माहेरची साडी’तली (१९९१) सासू पाहून माझी आई पदराने डोळे पुसत पुसत शिव्या घालायची. तीच उषाताई ‘पवित्र रिश्ता’त २००९ पासून हिंदी घरांतही पोचली.

वळण आलं ते २०१९ साली. ‘अग्गंबाई सासूबाई’मध्ये निवेदिता सराफ यांची आसावरी पुन्हा प्रेमात पडते, लग्न करते, आणि तिच्या बाजूने उभी राहते तिची सूनच. त्याच वर्षीच्या डिसेंबरात ‘आई कुठे काय करते’ सुरू झाली. मूळ कथा बंगाली, पण मधुराणी प्रभुलकरची अरुंधती मराठी घरांना आपलीच वाटली. घटस्फोट, गाणं, दुसरं लग्न हे सगळं रात्री जेवताना आमच्या वाडीत बोललं जायला लागलं. माझ्या शेजारच्या वयनी आधी म्हणायच्या, “शोभतं का हे या वयात?” सहा महिन्यांनी त्याच म्हणाल्या, “तो नवरा तसा वागला, मग तिने काय करावं?” हा फरक मी माझ्या पडवीत बसून ऐकला आहे, म्हणून लिहिते.

पण मालिकेतली आसावरी असो की अरुंधती, घर शहरातलं. खळं, म्हणजे गावाकडचं अंगण, असलेली सासूबाई अजून प्रेमात पडलेली नाही.

‘रात्रीस खेळ चाले’तली माई?

तिचं नाव निघतंच. मालिका २०१६ मध्ये आली, चित्रीकरण सावंतवाडीजवळ आकेरीला झालं, आणि ते घर बघायला अजून गाड्या थांबतात. चर्चा अण्णांची आणि शेवंताची होते. मला विचाराल तर अण्णांची बायको, शकुंतला नरे यांची माई, ही त्यातली सर्वांत खरी बाई. ती बोलते आमच्यासारखी, बसते आमच्यासारखी. घरात काय चाललंय ते तिला सगळं कळतं आणि त्यातलं किती बोलायचं हे ती ठरवते. भुताखेतांवर अनेकांनी आक्षेप घेतले, माझेही आहेत. माईवर नाही.

‘बाईपण भारी देवा’च्या वेळी नेमकं काय झालं?

आमच्यापुरतं सांगते. केदार शिंदे यांचा हा सिनेमा ३० जून २०२३ ला लागला. सहा बहिणी, मंगळागौरीची स्पर्धा. रोहिणी हट्टंगडी आणि वंदना गुप्ते सगळ्यांत पुढे. मराठीत सर्वाधिक कमाई करणाऱ्या सिनेमांत त्याचं नाव गेलं. तरुण नायक-नायिकेशिवाय सिनेमा चालत नाही, हे कारण त्या दिवसापासून बाद झालं.

जून-जुलै म्हणजे आमच्याकडे लावणी. बायकांनी आधी लावणी उरकली आणि मग एका बुधवारी एकोणीस जणी कसालमार्गे कणकवलीला निघालो. त्याच वर्षी मार्चपासून एसटीत बायकांना अर्ध तिकीट झालं होतं, आणि पंचाहत्तरी ओलांडलेल्यांना आदल्या ऑगस्टपासून प्रवास फुकट. आमच्यातल्या चौघी फुकटवाल्या. ही सवलत नसती तर निम्म्या जणी आल्या नसत्या, हे मी खात्रीने सांगते. सिनेमा कसा आहे याच्याइतकंच तिथे पोचायचं कसं हेही बघावं लागतं. आमच्या बायकांच्या बाबतीत ते पोचणं एसटीने जमवलं.

थिएटरात मंगळागौरीचा खेळ सुरू झाला तेव्हा मागच्या दोन रांगा उठल्या. मंगळागौर आमच्यातल्या बऱ्याच जणींची नव्हे, पण फुगडी सगळ्यांची. सत्त्याहत्तर वर्षांच्या एक काकी खुर्च्यांच्या मधल्या बोळात एकटीच फुगडीचा ठेका धरून उभ्या होत्या, चपला काढून. परतीच्या बसमध्ये गप्पा सिनेमाच्या झाल्याच नाहीत. प्रत्येकीने आपल्या न बोलणाऱ्या बहिणीची गोष्ट सांगितली.

‘झिम्मा’सुद्धा त्याच जातीचा का?

हो, आणि तो आधीचा. हेमंत ढोमे यांचा ‘झिम्मा’ नोव्हेंबर २०२१ मध्ये आला, टाळेबंदीनंतर थिएटरं उघडल्यावर. सुहास जोशी आणि निर्मिती सावंत त्यात सहलीला इंग्लंडला जातात. दुसऱ्या भागात (२०२३) सुहासताईंच्या इंदूची पंचाहत्तरी साजरी होते. फिरायला जाण्याची हौस ही म्हाताऱ्या बाईची साधी, न्याय्य हौस आहे आणि ती कोणीतरी दाखवली याचा आनंद आहे. आमच्या बायका अष्टविनायक करतात, पण त्याला देवाचं कारण लागतं. नुसतं ‘मला जायचंय’ म्हणून घराबाहेर पडलेली पंचाहत्तरीची बाई त्यांनी पहिल्यांदा पाहिली.

म्हातारपणीचं प्रेम दाखवलं तर गावात चालतं का?

चालतं. मला भीती वाटायची, ती खोटी ठरली. आरवलीच्या जयवंत दळवींच्या लेखनावर बेतलेला ‘उत्तरायण’ आम्ही दाखवला. शिवाजी साटम आणि नीना कुळकर्णी, उतरत्या वयात पुन्हा भेटलेले दोघं. शेवटी बराच वेळ कोणी उठलंच नाही. उतारवयात गरोदर राहिलेल्या बाईचा ‘बधाई हो’ (२०१८) लावला तेव्हा पहिली दहा मिनिटं पदर तोंडावर गेले. मग सुरेखा सीकरींची सासू भर समारंभात सुनेची बाजू घेऊन नातेवाइकांना सुनावते, तिथे टाळ्या पडल्या, आणि त्या वाजवणाऱ्या बहुतेक सासवाच होत्या.

मोठ्या वयाच्या अभिनेत्रींना आता खरंच काम मिळतं का?

पूर्वीपेक्षा जास्त, पण मागावं लागतं. नीना गुप्तांनी २०१७ मध्ये समाजमाध्यमावर उघड लिहिलं की मी मुंबईत राहते, चांगली अभिनेत्री आहे, चांगल्या भूमिका शोधते आहे. पुढच्याच वर्षी ‘बधाई हो’ आला आणि नंतर ‘ऊंचाई’साठी राष्ट्रीय पुरस्कार. सुरेखा सीकरींना पक्षाघात झाला होता. ‘बधाई हो’चा राष्ट्रीय पुरस्कार घ्यायला त्या चाकाच्या खुर्चीतून आल्या.

आणखी एक गोष्ट लोक विसरले. मे २०२० मध्ये कोविडच्या नियमांत ६५ च्या पुढच्या कलाकारांना चित्रीकरणाला बंदी झाली. त्याविरुद्ध एक ज्येष्ठ कलाकार मुंबई उच्च न्यायालयात गेले आणि ७ ऑगस्ट २०२० ला न्यायालयाने ती अट रद्द केली. पोटासाठी काम करणाऱ्याला वयावरून घरी बसवता येणार नाही, असा त्याचा सरळ अर्थ. आजीच्या भूमिका करणाऱ्या बायांची चूल त्या निकालावर पेटली.

दशावतारात तर बायकाच नसतात, मग तिथे काय बदलणार?

दशावतार या आमच्या लोकनाट्यात रिद्धी-सिद्धीपासून राण्यांपर्यंत सगळ्या बायका परंपरेने पुरुषच करतात, आणि काही जण असे करतात की आमच्या बायका त्यांच्या साडीचा काठ बघून घेतात. तक्रार त्याची नाही. २०२५ मध्ये ‘दशावतार’ सिनेमा आला, ऐंशी ओलांडलेले दिलीप प्रभावळकर त्याचा नायक. आम्ही सगळे गेलो, भारावून आलो. येताना एकीने विचारलं की म्हाताऱ्याला घेऊन एवढा सिनेमा होतो, तसा म्हातारीला घेऊन कधी होणार? प्रभावळकरांचं काम मोठंच आहे. म्हणूनच प्रश्न रास्त आहे.

मालवणी बोलणारी म्हातारी नेहमी विनोदीच का?

लेखकाला मालवणीत फक्त हसवता येतं म्हणून. ‘वस्त्रहरण’ या नाटकाने मालवणीला रंगभूमीवर मान मिळवून दिला, त्यात गंमत होती आणि गाव होता. नंतर गंमत तेवढी उचलली गेली. आमच्याकडे मर्तिकाला, वाटणीच्या बैठकीला, डॉक्टरसमोरही मालवणीच बोलतात. पडद्यावरची म्हातारी गंभीर झाली की एकदम पुणेरी बोलायला लागते, ते कानाला खुपतं.

आम्ही लघुपट करतोय. आजीची भूमिका लिहिताना काय बघावं?

आधी एक प्रसंग ऐका. काही वर्षांपूर्वी आमच्या वाडीत एक शूटिंग आलं. एका काकींना दारात उभं राहण्याचं काम दिलं. त्या घरातल्यासारख्या आल्या, म्हणजे मॅक्सी, खांद्यावर टॉवेल, डोळ्यांना चष्मा. आलेल्या पोरांनी त्यांना नऊवारी नेसवली, नथ घातली आणि चष्मा काढायला सांगितला. काकी म्हणाल्या, “चष्मो काढल्यार माका दिसतला काय?” दोन वेळा उंबऱ्याला ठेच लागली. मग नारळ खोवण्याचा शॉट होता, तो त्यांना न देता मुंबईहून आलेल्या बाईला दिला. तिने वाटी विळीवर एका जागी धरून खसाखसा ओढली. बघणाऱ्या बायका कुजबुजायला लागल्या. वाटी हातात फिरवत फिरवत खोवायची असते, म्हणजे खोबरं पांढरं पडतं आणि करवंटीचा काळा कस येत नाही. काकी बाजूला बसून बघत होत्या. साठ वर्षं रोज नारळ खोवलेला हात मांडीवर पडून होता आणि कोणाला तो दिसला नाही.

तेव्हा आधी हात बघा. तिच्या हातात काम द्या, आणि ते काम येणारी बाई घ्या. मॅक्सी आणि चष्मा राहू द्या. मोबाइल द्या, कारण तो तिच्याकडे आहे आणि ती त्यावर नातवाला काजूबीचा भाव विचारते. तिला चुकीचं वागू द्या. आमच्याकडच्या म्हाताऱ्या हट्टी असतात, कधी कद्रू असतात, सुनेवर अन्यायही करतात. देवी करून ठेवलेल्या बाईला लिहायला काही उरत नाही.

मोबाइलवरच्या आज्यांबद्दल काय मत?

चांगलं. चुलीपाशी बसून स्वयंपाक दाखवणाऱ्या आज्या लाखो लोक बघतात, आणि तिथे निदान ती स्वतःच्या आवाजात बोलते. नातू कॅमेऱ्यामागून तिला सारखं “आजी, हस ना” म्हणत राहतो, तेवढं थांबवावं.

बायका स्वतः कोणता सिनेमा मागतात?

भक्तिपट मागतात, जुने दादा कोंडके मागतात. गेल्या महिन्यात चहाचे कप गोळा करताना चष्म्याच्या त्याच काकींना मी विचारलं. त्यांनी बराच विचार केला. दिराच्या मुलांशी जमिनीचा वाद त्यांचा एकोणीस वर्षं चालला आहे, तारखांना त्या एकट्या जातात, पिशवीत कागद आणि भाकरी घेऊन. म्हणाल्या, “माका असो सिनेमा व्हयो, ज्येच्यात म्हातारी तहसीलीत जाता आनि काम करून घेवन येता.” मी शोधते आहे. मिळाला की त्या महिन्याला तोच लावीन, तीन वाजता, आणि पहिल्या रांगेतली पंख्याखालची खुर्ची त्यांच्यासाठी राखून ठेवीन.